'खंडणी' कोणी मागितली? आणि 'सोडणे' या क्रियापदाबद्दल थोडं

प्रश्न असा आला आहे : "गुड फ्रायडेच्या उपासनेत मार्कच्या शुभवर्तमानातलं वाचन झालं. मनुष्याचा पुत्र आपला प्राण 'खंडणी म्हणून' अर्पण करायला आला, असं त्यात होतं. नंतरच्या गीतातही तोच शब्द आला. घरी परतलो तर टीव्हीवर सिनेमा चालू होता आणि एक गुंड दुकानदाराच्या कपाळाला पिस्तूल लावून खंडणी मागत होता. आठवीतल्या मुलीने विचारलं, मग येशूकडे खंडणी कोणी मागितली? मला उत्तर देता आलं नाही. हा शब्द तिथे चुकीचा पडला आहे का? आणि पापांची 'क्षमा' म्हणतात, 'माफी' का म्हणत नाहीत?"

मुलीचा प्रश्न फार मोलाचा आहे. तिच्याकडे शेवटी येतो. आधी शब्द पाहू.

खंडणी हा मुळात राज्यकारभारातला शब्द. जिंकणाऱ्याने शहरावर किंवा लहान संस्थानिकावर बसवलेली, ठरवून घेतलेली रक्कम म्हणजे खंडणी. शेत 'खंडाने' कसायला देतात, त्यातला खंडही असाच ठरवलेला आकडा. बखरींमध्ये खंडणी बसवतात, वसूल करतात, भरतात आणि ती थकली की फौज पाठवतात. तेव्हा शब्दामागची धमकी सिनेमाने आणलेली नाही. 1664 मध्ये सुरतेच्या व्यापाऱ्यांना तो शब्द ऐकून जे वाटलं असेल, ते आजच्या दुकानदाराला वाटतं त्याहून फार निराळं नसणार. फरक एवढाच की तेव्हा खंडणी मागणारा राजा असे, त्याच्याकडे मोहोर असे आणि खंडणी भरल्यावर अभयही मिळे. राज्यं गेली तशी शब्दाची ती बाजू पुसत गेली. उरला फौजदारी कायद्यातला गुन्हा, पोलिसांचं खंडणीविरोधी पथक, मुंबईतल्या बांधकाम व्यावसायिकांना आणि चित्रपट निर्मात्यांना येणारे फोन, आणि त्या फोनांवर निघालेले सिनेमे.

बायबलच्या मराठीची घडण एकोणिसाव्या शतकातली. विल्यम केरीने 1811 मध्ये बंगालमधल्या श्रीरामपूरहून मराठी नवा करार छापला, तेव्हा पेशवाई अजून बुडायची होती. त्या काळच्या कानांना खंडणी म्हटल्यावर वेढा पडलेलं गाव आठवत असणार, हप्ते गोळा करणारी टोळी नव्हे. म्हणजे शब्द चुकीचा पडलेला नाही, तो ज्या जगात बसला होता ते जग बदललं.

तरीही एक अडचण उरतेच आणि ती अडचण मला या चर्चेतली सर्वांत महत्त्वाची गोष्ट वाटते. मूळ ग्रीक शब्द आहे 'लुत्रॉन'. तो आला 'लुओ' या क्रियापदावरून. लुओ म्हणजे सोडणे, मोकळं करणे. युद्धकैदी किंवा गुलाम सोडवण्यासाठी जे द्यायचं ते लुत्रॉन. म्हणजे ग्रीक शब्द बांधलेल्या माणसाच्या बाजूने बोलतो, त्याच्या पोटात सुटका आहे. आपला 'खंडणी' शब्द मागणाऱ्याच्या बाजूने बोलतो, त्याच्या पोटात वसुली आहे. रक्कम तीच, पण शब्द उच्चारताच कान कुणाकडे वळतो ते निराळं. म्हणूनच तुमच्या मुलीला लगेच 'मागितली कोणी?' असं विचारावंसं वाटलं. मराठी ख्रिस्ती लेखनात 'मुक्तीचे मोल' असाही शब्दप्रयोग आहे, तो ऐकून हा प्रश्न इतक्या पटकन पडला नसता.

पण प्रश्न ग्रीक ऐकणाऱ्यांनाही पडलाच होता. पहिल्या काही शतकांत ओरिजेनसारख्या विद्वानांनी उत्तर दिलं की ही किंमत सैतानाला दिली, कारण माणूस त्याच्या कैदेत होता. चौथ्या शतकात नाझियान्झसचा ग्रेगरी या धर्माचार्याला हे असह्य झालं. त्याने जवळजवळ तुमच्या मुलीच्याच सुरात विचारलं : दरोडेखोराला खंडणी द्यायची, आणि तीही साक्षात देवाची? आणि पित्याला दिली म्हणावं, तर पित्याने कुठे आपल्याला डांबून ठेवलं होतं? पुढे अकराव्या शतकाच्या शेवटी अँसेल्म या धर्मपंडिताने सगळं चित्रच बदललं. माणसावर देवाचं ऋण आहे, ते माणसाने फेडायला हवं आणि फेडण्याची ऐपत फक्त देवाची, म्हणून देव माणूस झाला, अशी त्याची मांडणी. म्हणजे वेढा घातलेल्या गावाची प्रतिमा मागे पडली आणि सावकाराची वही पुढे आली.

इथे मराठी अगदी घरच्या अंगणात येते. पापाचा हिशेब वहीत मांडायला आपल्याला कुणी शिकवावं लागलं नाही. 'कुठं फेडशील हे पाप?' हे वाक्य मी लहानपणी शेजारच्या आजींकडून कितीदा ऐकलं आहे, बहुतेक वेळा मांजरीला दगड मारल्याबद्दल. पाप 'फेडायचं' असतं, जसं ऋण, जसा नवस, जसे आईबापांचे पांग. पापाचा घडा 'भरतो'. पुण्य 'पदरी पडतं'. येशू ज्या अरामी भाषेत बोलत असे तीत 'होबा' हा एकच शब्द कर्ज आणि पाप या दोन्हींसाठी चालतो. म्हणून येशूने शिकवलेल्या प्रभूच्या प्रार्थनेत मत्तयाने आपल्या शुभवर्तमानात 'ऋणे' लिहिलं आणि लूकने आपल्या शुभवर्तमानात त्याच जागी 'पापे'. प्रॉटेस्टंट मंडळ्यांत रुळलेली मराठी प्रार्थना मत्तयाची : "जसे आम्ही आपल्या ऋण्यांस ऋण सोडले आहे, तशी तू आमची ऋणे आम्हांस सोड."

या ओळीतलं 'सोड' मला फार आवडतं. ग्रीकमध्ये इथे 'आफिएमी' आहे, त्याचा अर्थही सोडून देणे, जाऊ देणे. 'क्षमा कर' असं केलं असतं तर अर्थ कळला असता, पण हातातून दोर सुटल्याची जाणीव झाली नसती. सावकार कुळाला कर्ज सोडतो, गुराखी गाय सोडतो, तुरुंगाधिकारी कैदी सोडतो, सगळीकडे तेच क्रियापद. मराठी माणसाला ही ओळ परकी वाटू नये याला आणखी एक कारण आहे. तुकोबांच्या घराण्याची सावकारी होती. वाट्याला आलेली कर्जखतं त्यांनी इंद्रायणीत सोडून दिली, ही आठवण वारकरी परंपरेने जपली आहे. ख्रिस्ती झालेले कवी नारायण वामन टिळक म्हणत की आपण तुकोबांच्या पुलावरून ख्रिस्ताकडे आलो. ते म्हणताना त्यांच्या मनात अभंग आणि भक्ती असणार. पण 'आमची ऋणे आम्हांस सोड' म्हणताना त्या पुलाखालून वाहणारी ती खतंही मला दिसतात. टिळकांची गीतं आजही उपासनेत अभंगाच्या चालीवर गातात. त्यांतलं 'पतित', 'दीन', 'शरण' हे शब्दभांडार देहू-आळंदीहून आलेलं आहे, हे ऐकताक्षणी कळतं.

आता सिनेमा. तुम्ही मांडलेला योगायोग मला योगायोग वाटत नाही, कारण सिनेमातली हिंसाही याच वहीतून बोलते. मारामारीच्या चित्रपटाला आपण 'देमार' म्हणतो. पण देमारपटाला कथा हवी असते आणि ती बहुधा वसुलीची असते. हिशेब चुकता करायचा असतो. वचपा काढायचा, उट्टे काढायचे असतात. बदला 'घ्यायचा' असतो, आणि बदला म्हणजे मुळात अदलाबदल, एका वस्तूच्या जागी दुसरी. सूडही घेतात, जीवही घेतात. खलनायकाच्या शेवटच्या प्रसंगात नायक सांगतो, तुझ्या पापाचा घडा भरला. आणि कुठल्याही देमारपटात हमखास येणारं एक वाक्य आठवा : "तुला सोडणार नाही!" उपासनेत 'सोड' आणि पडद्यावर 'सोडणार नाही'. तुमच्या घरी त्या दिवशी तीन-चार तासांच्या अंतराने एकाच क्रियापदाचं होकारार्थी आणि नकारार्थी रूप ऐकू आलं असणार. (या नकारार्थी रूपालाही दोन बाजू आहेत. 'मी तुला सोडून जाणार नाही' हे बायबलमधलं देवाचं आश्वासन आहे. एका 'जाणार'मुळे धमकीचा धीर होतो.)

आपल्या सिनेमाच्या जन्मातही हे दोन धागे गुंतलेले आहेत. 1910 च्या सुमारास मुंबईत ख्रिस्ताच्या जीवनावरचा एक मूकपट पाहून दादासाहेब फाळक्यांना चित्रपट काढण्याचा ध्यास लागला. आणि 1913 मध्ये त्यांनी पडद्यावर आणला तो राजा हरिश्चंद्र, दिलेल्या शब्दाचं ऋण फेडण्यासाठी बायको, मुलगा आणि शेवटी स्वतःला विकणारा.

सुडाचं गाणं मात्र सिनेमाहून फार जुनं आहे, आणि ते बायबलमध्येच आहे. उत्पत्तीच्या चौथ्या अध्यायात लामेख आपल्या दोन बायकांना, आदा आणि सिल्ला यांना, कवितेत सांगतो की मला जखम करणाऱ्याला मी ठार केलं, आणि पूर्वज काइनाबद्दल सातपट सूड घेतला जाईल तर माझ्याबद्दल सत्त्याहत्तरपट. कुठल्याही देमारपटाच्या नायकाने अभिमानाने म्हणावं असं हे कवन आहे. मत्तयाच्या अठराव्या अध्यायात पेत्र विचारतो, भावाला किती वेळा क्षमा करू, सात वेळा? येशू म्हणतो, सात नव्हे, साताच्या सत्तर वेळा. मराठीत दोन ठिकाणी दोन निराळे आकडे दिसतात, त्यामुळे नातं लक्षात येत नाही. पण जुन्या कराराच्या प्राचीन ग्रीक भाषांतरात लामेखाच्या तोंडी जे शब्द आहेत, अक्षरशः तेच मत्तयाने येशूच्या तोंडी घातले आहेत. लामेखाची सुडाची पट्टी घेऊन त्याच पट्टीने क्षमा मोजली आहे. लगेच पुढचा दृष्टान्तही कर्जाचाच : राजाने दहा हजार तालांत सोडले, आणि तोच सुटलेला चाकर बाहेर पडून शंभर दिनारांसाठी सोबत्याची मानगूट धरतो. एक तालांत म्हणजे सुमारे सहा हजार दिनार आणि एक दिनार म्हणजे मजुराची एका दिवसाची मजुरी. शंभर दिनार म्हणजे तीन-साडेतीन महिन्यांचा पगार, काही किरकोळ रक्कम नव्हे. मला हा दृष्टान्त याचसाठी खरा वाटतो. त्या चाकराचं सोबत्याकडून येणं खरोखर होतं.

तुमचा दुसरा प्रश्न. 'माफी' अरबीतून फारसीमार्गे आली आणि कचेरीत स्थिरावली : कर्जमाफी, फीमाफी, माफीचा साक्षीदार. माफी वरचा खालच्याला देतो आणि ती बहुधा कागदावर असते. 'क्षमा' संस्कृत 'क्षम्' वरून, म्हणजे सहन करणे, सोसणे. संस्कृतात पृथ्वीलाही क्षमा म्हणतात, कारण ती सगळं सोसते. क्षमा करणाऱ्याने झालेला घाव आपल्या अंगावर ठेवून घेतलेला असतो, हा भाव माफीत येत नाही. म्हणून पापक्षमा म्हणतात, पापमाफी कानाला खटकते, आणि उलट कर्जक्षमा कुणी म्हणत नाही. खरं तर 'ऋणे सोड' या प्रतिमेला माफी जास्त जवळची. पण शेतकरी चळवळीने 'कर्जमाफी नको, कर्जमुक्ती म्हणा' असा आग्रह धरला तो याचसाठी की माफी म्हटलं की समोरचा गुन्हेगार ठरतो. ख्रिस्ती गीतात गाणारा स्वतःच आपण अपराधी असल्याचं म्हणतो, त्यामुळे तिथे ती हरकत नाही. तरीही गीतांनी क्षमा निवडली आणि माझ्या मते ती बरोबर निवडली. वधस्तंभावरच्या माणसाबद्दल बोलताना सोसण्याचा अर्थ असलेला शब्दच हवा. गाण्यांत आणखी एक शब्द सतत येतो, 'तारण'. उपासनेत तारण म्हणजे उद्धार, आणि पतपेढीच्या पाटीवर सोनेतारण. एकाच शब्दात वाचवणं आणि गहाण ठेवणं दोन्ही आहे. मुलगी एक दिवस तेही विचारेल, तयारीत राहा.

आता तिचा प्रश्न. मार्कचं वाक्य तिच्याबरोबर पुन्हा वाचा. त्यात 'मागणे' हे क्रियापद नाही, खंडणी मागणारा कर्ता नाही, ती कुणाला दिली हेही नाही. आहे ते 'पुष्कळांच्या मुक्तीसाठी', म्हणजे कुणासाठी, आणि 'अर्पण', म्हणजे कसं. सिनेमातला गुंड 'खंडणी दे' म्हणतो, तेव्हा तो दुसऱ्याचं घेत असतो. इथे ज्याच्याकडून कुणी काही मागितल्याचं लिहिलेलं नाही, तो स्वतःचं देतो आहे. पुढे तिने विचारलंच की मग हा शब्द ठेवलाच कशाला, तर नाझियान्झसच्या ग्रेगरीलाही तो पचला नव्हता हे तिला जरूर सांगा. वाचनातला शब्द मी बदलणार नाही. नवं गीत कुणी लिहायला बसलं, तर मात्र मी 'मोल' सुचवेन. दोन अक्षरी आहे, चालीत सहज बसतो, आणि तो ऐकताना पिस्तूल दिसत नाही.