वरलीचा आकडा आणि कापसाचा भाव

प्रश्न: कापूस विकून पैसे हाती आले की आमच्याकडे सट्टापट्टीला जोर चढतो. जुने लोक सांगतात, वरलीचा आकडा न्यूयॉर्कच्या कापसाच्या भावावरून ठरतो आणि मुंबईत मडक्यातून निघतो. कपाशीवाल्याला तो हेरता येतो. यात खरं किती?
– एक वाचक, ता. घाटंजी, जि. यवतमाळ

उत्तर: कापसाची गोष्ट खरी, पण 1961 पर्यंतचीच. न्यूयॉर्कच्या कापूस बाजाराचे उघडतानाचे आणि बंद होतानाचे भाव टेलिप्रिंटरने मुंबईत यायचे आणि त्यांवर पैसे लागायचे. ते थांबल्यावर 1962 मध्ये कल्याणजी भगतने वरळीत मटका सुरू केला, 1964 मध्ये रतन खत्रीने स्वतःचा. मडक्यातल्या चिठ्ठ्यांच्या जागी पुढे पत्ते आले. आज तुमच्या कपाशीचा आणि आकड्याचा काडीचाही संबंध नाही.

आकडा असा बनतो: आधी तीन अंक काढतात. 2, 5, 8 निघाले तर बेरीज 15, शेवटचा अंक 5, हा ओपन. पुन्हा तीन, समजा 1, 3, 6. बेरीज 10, क्लोज 0. जोडी 50.

आता हिशेब बघा. जोड्या 100 आणि भाव साधारण एका रुपयाला नव्वद. प्रत्येक जोडीवर दहा रुपये लावले तर हजार जातात, नऊशे परत येतात. इथे कुणी लबाडी केलेली नाही, तरी शंभर गेलेच. त्यात आकडा काढणाऱ्याला कशावर किती लागलंय हे आधी कळत असेल, तर कमी पैशांचा आकडा काढण्यापासून त्याला कोण अडवणार?

सगळ्यात जास्त घरं बुडतात ती जुन्या निकालांचे चार्ट बघून, ‘सात बरेच दिवस आला नाही, आता येणारच’ या समजुतीने. मागचा निकाल पुढच्याला बांधील नसतो. एकाच अंकावर लागोपाठ सात वेळा हुकण्याची शक्यता 100 पैकी 48 असते. दहापासून दरवेळी दुप्पट लावत गेलात तर तेवढ्यात 1,270 रुपये गेलेले असतात आणि आठव्या वेळी 1,280 लागतात. बियाण्याचे पैसे असेच जातात.

पट्टी लिहिणं, म्हणजे आकड्यांवर लोकांचे पैसे घेणं, 1887 च्या जुगार प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे. शिवाय 1872 च्या करार कायद्याचं कलम 30 पैजेचा करार मानत नाही. जिंकलेले पैसे बुडाले तर दाद मागता येत नाही. पण सट्ट्याच्या उधारीसाठी कुणी शेत लिहून मागत असेल, तर त्यालाही कोर्ट ती वसूल करून देणार नाही. कुठल्याही कागदावर सही करू नका, आणि धमकी आली तर ठाण्यात लेखी तक्रार द्या, पोच घ्या.