डेड बोर्ड आणि बारावीनंतरचं वर्ष

पत्र : मुलगा बारावी सायन्स 54 टक्क्यांनी पास झाला. दिवसभर बर्डीतल्या एका रिपेअरिंगच्या दुकानात बसतो, जुने मदरबोर्ड घरी आणतो आणि रात्री मोबाइलवर कसले तरी नकाशे बघतो. वडील म्हणतात, भंगारात वेळ घालवतो. यातून पोट भरेल का?
– एक आई, मानेवाडा, नागपूर

ताई, ते नकाशे म्हणजे सर्किट डायग्राम. आज एक डेड बोर्ड, म्हणजे चालूच न होणारा मदरबोर्ड, समोर ठेवून त्याला विचारा, "सुरुवात कुठून करतोस?"

"हीट मारून बघतो", म्हणजे गरम हवा देऊन बघतो, म्हणाला, तर अजून नुसता हात चालतोय. पण एसएमपीएसच्या, म्हणजे कॉम्प्युटरला वीज पुरवणाऱ्या डब्याच्या, जांभळ्या वायरवर आधी 5 व्होल्ट बघतो म्हणाला, तर नीट ऐका. कॉम्प्युटर बंद असला तरी एसएमपीएस तेवढा सप्लाय देतच असतो. मग बटण दाबल्यावर हिरव्या वायरवरचं व्होल्टेज शून्याजवळ उतरायला हवं. उतरत नसेल, तर बटणाचा सिग्नल कोणत्या आयसीत (चिपमध्ये) जातो आणि त्या आयसीला हा बंद असतानाचा (स्टँडबाय) सप्लाय मिळतो का, हे डायग्राम सांगतो. उतरूनही डिस्प्ले नसेल, तर राखाडी वायर (सप्लाय ठीक असल्याचा सिग्नल), प्रोसेसरचं व्होल्टेज, क्लॉक (चिपांना ताल देणारा सिग्नल) आणि शेवटी रिसेट सिग्नल, असं क्रमाने तपासायचं. एवढं त्याने स्वतः सांगितलं, तर मला तो पोरगा फार आवडेल. चिप लेव्हलचं काम म्हणतात ते हेच.

शिकायला जुने बोर्ड उत्तम. पार्ट मोठे असतात, मल्टिमीटरचा प्रोब नीट टेकतो. 2000 नंतरच्या काही वर्षांतल्या बोर्डांवर तर फुगलेले कपॅसिटर (वीज साठवणारे पार्ट) नुसत्या डोळ्यांनी दिसतात. पण नुसत्या जुन्या कॉम्प्युटरवर संसार चालायचा नाही, हे वडिलांचं म्हणणं खरं आहे.

म्हणून कागद हवाच. बारावी सायन्सवर डिप्लोमाच्या थेट दुसऱ्या वर्षाला अर्ज करता येतो. शाखा इलेक्ट्रॉनिक्स अँड टेलिकम्युनिकेशन, आणि नागपुरातल्या सदर भागातलं शासकीय तंत्रनिकेतन पहिल्या पसंतीला टाका. नंबर लागला नाही, तर आयटीआयचा इलेक्ट्रॉनिक्स मेकॅनिक हा दोन वर्षांचा ट्रेड आहे. त्यानंतरही डिप्लोमाच्या दुसऱ्या वर्षाची वाट उघडी राहते. हिंगणा-बुटीबोरीच्या कारखान्यांतल्या मशिनी, यूपीएस, हॉस्पिटलची उपकरणं, सगळ्यांत बोर्डच असतो आणि फॉल्ट शोधायची रीत हीच.

काही महिन्यांच्या चिप लेव्हल कोर्सला पैसे भरण्याआधी मुलाला घेऊन तिथे एक दिवस बसा. प्रत्येकाच्या हातात बोर्ड, मीटर आणि डायग्राम दिसला नाही, तर उठून या.

दुकान मात्र सोडायला लावू नका, संध्याकाळचे दोन तास राहू द्या. प्रत्येक बोर्डाची तक्रार, मोजलेली व्होल्टेज आणि सापडलेला फॉल्ट त्याने वहीत लिहावा. मुलाखतीला जाताना ती वही सोबत न्यावी.

आणि एसएमपीएस घरी उघडू देऊ नका. प्लग काढल्यावरही आतल्या मोठ्या कपॅसिटरवर 300 व्होल्ट राहू शकतात. तो कसा डिस्चार्ज करायचा, हे आधी उस्तादासमोर शिकू दे.