फ्रेंच सिनेमात प्रॉडक्शन डिझायनरचं करिअर कसं घडतं?

आर्किटेक्चर पूर्ण करून फ्रान्समध्ये थेट प्रॉडक्शन डिझायनर, म्हणजे सिनेमाचे सेट आखणारा, होता येईल का, असं तुम्ही विचारलंय. थेट नाही. आधी कुणाच्या तरी हाताखाली वर्षं काढावी लागतात. मी मुंबईत आर्ट डिपार्टमेंटला आहे, तिकडे काम केलेलं नाही. पण ज्यांचे सेट बघून मी घडलो त्या अलेक्सांद्र त्रोनेर यांचं सांगतो.

जन्म 1906, बुडापेस्ट. शिकले चित्रकला. 1929 मध्ये पॅरिसला आले आणि लाझार मेरसन या नावाजलेल्या डिझायनरचे सहायक झाले. स्वतःच्या नावावर मोठे सिनेमे लागेपर्यंत 1937-38 उजाडलं.

1938 च्या 'ओतेल द्यु नॉर'साठी त्यांनी पॅरिसचा सँ-मार्तँ कालवा, पूल आणि हॉटेल असं सगळं पॅरिसला लागून असलेल्या बियाँकूरच्या स्टुडिओत उभारलं. खरा कालवा त्याच शहरात असताना! पण वाहता कालवा शूटिंगसाठी आठवडेच्या आठवडे कोण अडवू देणार? पुढच्या वर्षीच्या 'ल जूर स लेव्ह'मध्ये नायक खून करून वरच्या मजल्यावरच्या खोलीत स्वतःला कोंडून घेतो, खाली पोलीस आणि गर्दी. निर्मात्याचं म्हणणं, खोली खाली आणा, खर्च वाचेल. (निर्माते सगळीकडे सारखेच.) त्रोनेर हटले नाहीत. उंची गेली की त्या माणसाचं एकटं पडणंही गेलं.

ज्यू असल्यामुळे युद्धकाळात त्यांना दक्षिण फ्रान्समध्ये लपून राहावं लागलं. 'ले आंफां द्यु पारादी' या सिनेमाचे सेट त्यांनी तिथूनच आखले. स्टुडिओत ते उभे केले लेओं बार्साक यांनी.

ऑस्कर मात्र मिळालं हॉलिवूडच्या 'द अपार्टमेंट'साठी (1960). त्यातलं अवाढव्य ऑफिस आठवा: पुढे पूर्ण मापाची टेबलं, मागे जाताना लहान लहान होत गेलेली आणि पार शेवटी छोट्या टेबलांवर कमी उंचीची माणसं. डोळ्याला मात्र हॉल संपतच नाही. आणि 'सबवे' या सिनेमासाठी फ्रान्सचा सेझार हा चित्रपट पुरस्कार मिळाला तेव्हा ते ऐंशीला टेकले होते.

आता तुमचं. पॅरिसच्या 'ला फेमिस' या फिल्म स्कूलमध्ये सेट डिझाइनचा चार वर्षांचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे, पण प्रवेश परीक्षा चुरशीची. शिकवतात फ्रेंचमध्ये, त्यामुळे भाषा आधी पक्की करा. सेटवर सुताराशी इंग्रजीत बोलून भागत नाही. काम प्रोजेक्टपुरतं. मधल्या रिकाम्या दिवसांसाठी तिथे बेकारी भत्ता आहे, मात्र त्यासाठी 12 महिन्यांत 507 तास भरावे लागतात. आपल्याकडे तेवढंही नाही.

पोर्टफोलिओत चकाचक रेंडर (कॉम्प्युटरवर काढलेली चित्रं) कमी ठेवा. एखादी पटकथा घेऊन त्यातली एकच खोली मापासकट काढा, कॅमेरा कुठे लागेल आणि कुठली भिंत निघेल ते दाखवा. आर्किटेक्टला घर टिकाऊ बांधायची सवय असते. इथे शॉट झाला की भिंत पाडायची असते, तेव्हा ती सवय आत्ताच मोडायला घ्या.