मॉरिशसचे स्वातंत्र्य : 44 टक्के मते विरोधात असूनही देश फुटला का नाही?

आपला प्रश्न असा आहे की 1967 च्या निवडणुकीत मॉरिशसच्या सुमारे 44 टक्के मतदारांनी स्वातंत्र्याला विरोध करणाऱ्या पक्षाला मते दिली होती आणि प्रत्यक्ष स्वातंत्र्याच्या तोंडावर पोर्ट लुईमध्ये दंगली पेटल्या होत्या, तरीही तो देश एकसंध कसा राहिला. याचे श्रेय बहुधा तिथल्या समाजाच्या सहिष्णुतेला दिले जाते. मला ते अपुरे वाटते. तिथल्या नेत्यांनी एकमेकांविषयीची भीती नाकारली नाही. ती गृहीत धरून राज्यघटना, मंत्रिमंडळ आणि साखरेचा पैसा यांची वाटणी केली, आणि या वाटणीची किंमत काही प्रमाणात अशा लोकांनी मोजली ज्यांना कोणी विचारलेही नव्हते.

या भीतीचे मूळ वसाहतीच्या रचनेत होते. ब्रिटिशांनी 1810 मध्ये हे बेट फ्रेंचांकडून जिंकले, पण फ्रेंच मळेवाल्यांच्या जमिनी, त्यांचे कायदे आणि त्यांची भाषा यांना धक्का लावला नाही. गुलामगिरी 1835 मध्ये संपली आणि उसाच्या मळ्यांसाठी भारतातून गिरमिटिया मजूर आणले गेले. विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत अशा साडेचार लाखांच्या आसपास माणसांनी त्या बंदरात पाऊल ठेवले. (मुंबई बंदरातून गेलेल्यांत कोकणातले मराठी मजूरही होते, आणि त्यांचे वंशज आजही तिथे मराठी भाषक समाज म्हणून वेगळे ओळखले जातात.) त्यामुळे 1960 च्या दशकात जमीन व भांडवल मूठभर फ्रेंच वंशीयांकडे, लोकसंख्येत निम्म्याहून थोडे अधिक हिंदू, आणि मुस्लिम, चिनी व क्रिओल हे अल्पसंख्य अशी स्थिती होती. त्यातही क्रिओल समाजाला, म्हणजे प्रामुख्याने गुलामांच्या वंशजांना, इंग्रज गेल्यावर आपल्यावर हिंदूंचे राज्य येईल असे मनापासून वाटत होते.

येथे एक गोष्ट नजरेआड होऊ नये. पुढे स्वातंत्र्याचे नेतृत्व करणारा मजूर पक्ष 1936 मध्ये मोरिस क्युरे यांनी स्थापन केला तेव्हा तो हिंदूंचा पक्ष नव्हता. क्युरे स्वतः हिंदू नव्हते आणि त्यांच्यानंतरचे एमान्युएल अँक्तिल व गी रोझमों हे नेतेही नव्हते. मात्र 1948 च्या निवडणुकीपासून संपत्तीऐवजी साधी साक्षरता मतदानासाठी पुरेशी ठरली, बासदेव बिसुनदयाल यांच्या स्वयंसेवकांनी गावोगाव मजुरांना लिहायला-वाचायला शिकवले, आणि मतदारांची संख्या एका फेरीत कित्येक पटींनी वाढली. पुढे 1959 मध्ये सार्वत्रिक प्रौढ मताधिकार आला. बहुसंख्याकांचे बळ जसजसे मतपेटीतून दिसू लागले, तसतशी अल्पसंख्याकांची धास्तीही वाढली, आणि स्वातंत्र्याला विरोध करणाऱ्या, गाएतां ड्यूव्हाल यांच्या पीएमएसडी पक्षाने तिला वाचा दिली.

आता मुख्य भागाकडे येतो. 1966 मध्ये ब्रिटिशांनी निवडणूक पद्धतीसाठी नेमलेल्या बॅनवेल आयोगाच्या शिफारशी आणि त्यांवरील वादानंतरची तडजोड यांतून जी निवडणूक पद्धत ठरली, ती माझ्या मते या सगळ्या इतिहासातील सर्वांत कल्पक गोष्ट आहे. मुख्य बेटावर प्रत्येकी 3 जागांचे 20 मतदारसंघ आणि रॉड्रिग्ज बेटाला 2 जागा, अशा 62 जागा निवडून यायच्या. मतदाराला त्याच्या वाट्याची सर्व मते द्यावीच लागत, त्यामुळे एकाच समाजाचे तीन उमेदवार उभे करणे पक्षांना महागात पडे. त्याशिवाय, पराभूत उमेदवारांतून अपुरे प्रतिनिधित्व मिळालेल्या समाजांसाठी जास्तीत जास्त 8 जागा भरायच्या. पहिल्या चार समाज पाहून, आणि उरलेल्या चार अशा रीतीने की पक्षांमधील बलाबल बिघडू नये. 1967 मध्ये मजूर पक्षाच्या स्वातंत्र्यवादी आघाडीला 39 आणि पीएमएसडीला 23 जागा मिळाल्या, आणि या तरतुदीने दोघांच्या पदरात आणखी चार-चार टाकल्या. स्वातंत्र्याच्या बाजूचा निकाल कायम राहिला, पण हरलेल्यांनाही आपली माणसे सभागृहात दिसली. स्वतंत्र मतदारसंघ न देता हे साधले, याचे महत्त्व भारतीय वाचकाला वेगळे सांगायला नको.

एवढ्याने शांतता आली असे मात्र नाही. जानेवारी 1968 मध्ये पोर्ट लुईमध्ये क्रिओल व मुस्लिम वस्त्यांत दंगल उसळली आणि ब्रिटिश सैन्य बोलवावे लागले. 12 मार्च 1968 रोजी, म्हणजे दांडीयात्रा ज्या तारखेला सुरू झाली त्याच तारखेला, शाँ द मार्स मैदानावर ध्वज बदलला तेव्हा आणीबाणी लागू होती, आणि अनेक क्रिओल व मिश्रवंशीय कुटुंबे ऑस्ट्रेलियाची वाट धरत होती. मजूर पक्षाचे पंतप्रधान शिवसागर रामगुलाम यांनी 1969 मध्ये त्याच ड्यूव्हाल यांना सरकारात घेऊन परराष्ट्रमंत्री केले. फुटीचा धोका त्याने ओसरला, पण विरोधाची जागा रिकामी झाली. ती नव्या डाव्या पक्षाने, एमएमएमने, भरली तेव्हा सरकारने त्याच्या नेत्यांना तुरुंगात टाकले, वृत्तपत्रांवर नियंत्रण आणले आणि 1972 मध्ये अपेक्षित असलेली निवडणूक 1976 पर्यंत लांबवली. मॉरिशसला आदर्श लोकशाही म्हणणारे ही वर्षे सहसा वगळतात.

अर्थकारणाबाबत थोडक्यात सांगतो. निर्यातीत साखरेचा वाटा 90 टक्क्यांहून अधिक होता आणि अर्थतज्ज्ञ जेम्स मीड यांनी बेटाच्या भवितव्याविषयी निराशा व्यक्त केली होती. सरकारने मळे ताब्यात घेतले नाहीत; साखरेच्या निर्यातीवर कर लावून त्यातून शिक्षण व आरोग्य चालवले, 1970 मध्ये निर्यात प्रक्रिया क्षेत्राचा, म्हणजे निर्यातीसाठी माल बनवणाऱ्या कारखान्यांना सवलती देणारा, कायदा केला, आणि 1975 च्या लोमे करारातून युरोपची हमीभावाची बाजारपेठ मिळवली. मळेवाल्यांचा नफा वाचला आणि त्यातला बराच कापडगिरण्या व हॉटेलांत गेला, पण जमिनीची विषमताही तशीच राहिली.

सर्वांत मोठी किंमत मात्र तोवर मॉरिशसचाच भाग असलेल्या, हिंदी महासागरातील चागोस बेटांच्या रहिवाशांनी दिली. 1965 च्या लंडन परिषदेत ब्रिटिश पंतप्रधान हॅरल्ड विल्सन यांनी रामगुलाम यांच्यापुढे स्वातंत्र्याची आशा आणि ते लांबण्याची भीती एकत्रच ठेवली. 30 लाख पौंडांच्या बदल्यात चागोस तोडले गेले, आणि 1973 पर्यंत तेथील सर्व लोकांना दिएगो गार्सियातील अमेरिकी तळासाठी हलवण्यात आले. आंतरराष्ट्रीय न्यायालयाने 2019 मध्ये ही फाळणी बेकायदा असल्याचे मत दिले. रामगुलाम यांना खरोखर पर्याय होता का, यावर मॉरिशसमध्ये आजही वाद होतो. मला वाटते, देशातच इतका मोठा विरोध (दोन वर्षांनी तो 44 टक्के मतांतून दिसला) समोर असलेल्या नेत्याकडे नकार देण्याचे बळ फारच थोडे होते.

राहिला आपला उपप्रश्न, की ही व्यवस्था आजही टिकून आहे का. 1982 मध्ये एमएमएमच्या आघाडीने मुख्य बेटावरच्या सर्व 60 जागांवर मजूर पक्षाला नामोहरम केले, रामगुलाम स्वतः हरले, आणि सत्तांतर शांतपणे पार पडले. पराभूतांसाठीच्या जागांची तरतूद मात्र अजून 1972 च्या जनगणनेवर चालते, कारण त्यानंतर समाजनिहाय मोजणी झालीच नाही. उमेदवाराने आपला समाज जाहीर करण्याची सक्ती नागरी हक्कांशी विसंगत असल्याचे संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार समितीने 2012 मध्ये म्हटले. 2014 च्या निवडणुकीपुरती ती शिथिल केली गेली, पण घटनेतून ती काढण्याइतके बहुमत कोणत्याही सरकारने त्यासाठी पणाला लावलेले नाही.