हात बघ

चि. हिस, अनेक आशीर्वाद.

नाव मुद्दाम गाळलंय. तुझ्या पत्राला उत्तर द्यायला बसले खरी, पण यातलं निम्मं मी माझ्याशीच बोलतेय हे आधीच कबूल करते.

फोटो सगळे पाहिले. तू केलेला वाचायचा दिवा. सतरा फोटो आहेत: वरून, बाजूने, पांढऱ्या भिंतीपुढे, काळ्या कापडावर, एकात तर नुसती दांड्याची सावली. दांड्याचा बाक सुरेख जमलाय. हे एकदाच सांगते, कौतुक करणारे तुला दुसरे भेटतील. सतरापैकी एकाही फोटोत हात नाही. स्विच कुठे आहे ते शोधायला मला नववा फोटो दोनदा मोठा करून बघावा लागला. बुडाखाली! म्हणजे दिवा लावायचा तर आधी तो उचलायचा, तिरका करायचा, खालून चाचपडायचं. तेही अंधारात.

आणि तू मला विचारतेस की एक परीक्षक म्हणाले 'ही कला झाली, डिझाइन नव्हे', दुसऱ्या बाई म्हणाल्या 'यात कलेचा अंश कमी पडतो', तर मग मी नेमकी कोण?

अगं, दोघांपैकी एकानेही दिवा लावून बघितला नाही. त्यांच्या भांडणात तू कशाला पडतेस?

माझं म्हणणं दोन शब्दांचं आहे आणि माझ्या हाताखाली काम केलेल्या प्रत्येकाला ते ऐकून वीट आलाय: हात बघ. ज्योतिषी बघतो तसा नव्हे. वस्तू ज्याच्या हातात जाणार त्याचा हात, ओला असेल, घाईतला असेल, थरथरणारा असेल, दुसऱ्या हातात मूल असेल, तो काम करताना बघ. तुला वाटतो तसा नको, आहे तसा.

'कला की डिझाइन' हा वाद वाटतो तितका जुना नाही. आपल्या चौसष्ट कलांच्या यादीत गाण्याच्या आणि चित्राच्या रांगेतच सुतारकाम आणि वास्तुविद्या बसलेली आहे. प्रत्यक्षात सुताराला काय मान मिळाला ते सोड, यादीत तरी पंगतभेद नाही. फ्लॉरेन्समध्ये १५६३ साली चित्रकार-शिल्पकारांची अकादमी निघाली तिच्या नावातच 'दिसेन्यो' होतं. रेखाटन आणि मनातली योजना, दोन्हींना मिळून एकच शब्द. आजचं 'डिझाइन' त्याच घराण्यातलं. वेगळी चूल मांडली गेली ती अठराव्या शतकात. बात्य नावाच्या फ्रेंच लेखकाने १७४६ साली संगीत, काव्य, चित्र, शिल्प आणि नृत्य यांची एक मोट बांधली, कारण त्यांचा हेतू आनंद, आणि गरजेपोटी केलेली कामं बाजूला काढली. आपण मराठीत त्याच्याही पुढे गेलो. 'उपयोजित कला' म्हणतो, जणू कला कुठेतरी तयार होती आणि मग ती मलमासारखी कशाला तरी लावली. आणि बोलताना कुणी 'डिझाइन छान आहे हं' म्हणालं की ते बहुतेक वेळा नक्षीबद्दल बोलत असतं. बाउहाउस या जर्मन कलाशाळेचं तुला पाठ असेलच, त्यात शिरत नाही.

मग फरक नाहीच का? आहे. पण तो दिसण्यात शोधू नकोस. मार्सेल द्युशाँ या फ्रेंच चित्रकाराने १९१७ साली मुतारीचं चिनी मातीचं भांडं आडवं ठेवलं, त्यावर 'आर. मट' अशी सही ठोकली आणि ते न्यूयॉर्कच्या एका प्रदर्शनाला पाठवलं. वस्तू तीच, बाक तोच, चकाकी तीच. फक्त तिचा वापर काढून घेतला, आणि त्या क्षणापासून तिच्याकडे वेगळ्या नजरेने बघणं भाग पडलं. आता यात माझी एक चीड आहे, ती ऐकून घे. त्या भांड्याचा आकार कुणीतरी कारखान्यात बसून काढला असणार, शिंतोडे कमी उडावेत म्हणून डोकं चालवलं असणार. त्याचं नाव कुणाला ठाऊक नाही. सही करणाऱ्याचं जगाला ठाऊक आहे. हे मी रागाने लिहितेय की हेव्याने, ते तूच ठरव.

फरक जाब देण्याचा आहे. चित्र बघून कुणाला भलताच अर्थ लागला तर चित्रकार खुशाल म्हणू शकतो, लागू दे. त्याने चित्राचं काही बिघडत नाही, कधी कधी ते त्यामुळे मोठंही होतं. आपल्याला ती मुभा नाही. का नाही, ते मला ज्यातून कळलं ती गोष्ट मी आजवर फारशी कुणाला सांगितलेली नाही.

एका औषध कंपनीसाठी मी गोळ्यांच्या पट्टीची मागची बाजू केली होती. तोवर त्या चंदेरी पत्र्यावर औषधाचं नाव बारीक अक्षरात दहा वेळा छापलेलं असायचं, मुंग्यांची रांग लागल्यासारखं. मला ते सहन होईना. मी नाव एकदाच घेतलं, मोठं, पट्टीच्या एका कोपऱ्यातून दुसऱ्या कोपऱ्यात तिरकं जाणारं. भोवती मोकळी जागा. क्लायंट खूश, एका ज्युरीनेही ते उचलून धरलं, मानचिन्ह अजून कपाटावर आहे. पुढे साधारण दीड वर्षाने एका मैत्रिणीच्या आईकडे गेले होते. त्यांनी औषधाचा डबा उघडला. आत माझी पट्टी, कात्रीने कापलेली. दोन गोळ्यांचा तुकडा, तीन गोळ्यांचा तुकडा, एक सुटी गोळी. एका तुकड्यावर नावातलं अर्धं अक्षर, एकावर नुसती वेलांटी, एकावर काहीच नाही. त्याच डब्यात दुसऱ्या औषधाचे तसेच चंदेरी तुकडे. आणि प्रत्येक तुकड्यावर लाल नेलपॉलिशचे ठिपके. एक ठिपका म्हणजे सकाळची, दोन म्हणजे रात्रीची. मी विचारलं, हे कुणी केलं? म्हणाल्या, "मीच. ही कंपनीवाली माणसं नाव कुठे लिहितात देव जाणे."

मी म्हटलं नाही की ती माणसं म्हणजे मी.

त्या मुंग्यांच्या रांगेला कारण होतं. पट्टी कापली जाते, गोळी ढकलली की पत्रा फाटतो, म्हणून नाव पुन्हा पुन्हा. ज्या कुणी पहिल्यांदा तसं छापलं त्याने कात्री धरलेला हात बघितला होता. मी ज्युरीचे डोळे बघितले. बरीच वर्षं मी स्वतःला सांगत आले की ब्रीफमध्ये, म्हणजे क्लायंटने दिलेल्या कामाच्या टिपणात, पट्टी कापण्याचा उल्लेखच नव्हता. नव्हताच, आजही शपथेवर सांगेन. आणि रचना म्हणून ते काम वाईट नव्हतं, हेही आजही म्हणेन. पण त्या बाईंचे ठिपके माझ्यापेक्षा सरस होते, आणि त्यांनी एक रेघही शिकलेली नव्हती.

तू म्हणशील, ठीक आहे, वापरणाऱ्याचा विचार करायचा, एवढंच ना? नाही, एवढंच नाही! इथेच सगळे फसतात. 'विचार' करणारे पुष्कळ असतात. अमेरिकेत २००० सालच्या अध्यक्षीय निवडणुकीत फ्लॉरिडा राज्यातल्या पाम बीच काउंटीची, म्हणजे जिल्ह्याची, मतपत्रिका आठव. मत द्यायचं ते नावासमोर भोक पाडून. उमेदवार दहा, मतदारांत म्हातारी माणसं बरीच, म्हणून त्यांना वाचता यावं या चांगल्या हेतूने अक्षर मोठं घेतलं. मोठं अक्षर एका पानात मावेना म्हणून नावं समोरासमोरच्या दोन पानांवर गेली आणि भोकं पाडायची ओळ मधोमध एकच राहिली. डाव्या पानावर पहिलं नाव बुश, दुसरं गोर, खरी लढत या दोघांतच. पण दुसरं भोक मात्र उजव्या पानावरच्या ब्युकॅननचं, गोरचं तिसरं. ब्युकॅननला त्या काउंटीत ३,४०७ मतं पडली, त्याच्या स्वतःच्या बाजूच्या लोकांनाही पटू नयेत इतकी. एकाहून जास्त भोकं पडल्यामुळे बाद झालेल्या मतपत्रिका एकोणीस हजारांच्या वर. आणि अख्ख्या राज्याचा निकाल शेवटी ५३७ मतांनी बुशच्या बाजूने लागला.

अक्षर वाचता येत होतं. डोळ्याचा विचार झाला होता. बोट कुठे जाईल, ते कुणी बघितलं नाही. म्हणून मी 'विचार कर' म्हणत नाही. पाच माणसांच्या हातात दे, गप्प बस, आणि हात बघ. समजावून सांगायला तोंड उघडलंस की गेलं.

तू पत्रात फ्रेंच डिझायनर स्टार्कच्या त्या तीन पायांच्या लिंबू पिळायच्या वस्तूचा दाखला दिलायस, १९९० सालच्या. तीही गैरसोयीचीच, तरी जग डोक्यावर घेतं, असं. बरोबर. तिची पुढे सोन्याचा मुलामा दिलेली आवृत्ती निघाली, आणि तिच्यावर लिंबू पिळू नका अशी सूचना, कारण आंबट रसाने मुलामा जातो. त्या दिवशी ती वस्तू उठून द्युशाँच्या भांड्याशेजारी जाऊन बसली. शोभते तिथे. तुलाही तुझा दिवा तिथे नेऊन ठेवायचा असेल तर माझी हरकत नाही, मनापासून सांगते. फक्त मग त्याला वाचायचा दिवा म्हणू नकोस. दोन्हीकडचे फायदे आणि कुठलाच जाब नाही, असं चालणार नाही.

अमेरिकन डिझायनर चार्ल्स ईम्सला एकदा विचारलं होतं, डिझाइन ही कलेची अभिव्यक्ती आहे का? तो म्हणाला, मी हेतूची अभिव्यक्ती म्हणेन. पुरेसं चांगलं उतरलं तर पुढे कधी लोक त्याला कला ठरवतील. हे मी विद्यार्थ्यांना इतक्या वेळा ऐकवलंय की ते मलाच गुळगुळीत लागतं. पण त्यातलं 'पुढे कधी' सोडू नकोस.

वॉशिंग्टनमधलं व्हिएतनाम युद्धाचं स्मारक घे. १९८१ ची स्पर्धा, १,४२१ प्रवेशिका, जिंकली माया लिन, वय एकवीस, अजून विद्यार्थिनी. काळ्या ग्रॅनाइटच्या दोन भिंती, कोनात जोडलेल्या, त्यांवर आज अठ्ठावन्न हजारांहून जास्त नावं. त्या काळ्या रंगावरून केवढा गदारोळ झाला ते तुला माहीत असेल. मला त्याहून मोलाचा वाटतो तो नावांच्या क्रमाचा वाद. बऱ्याच जणांना नावं वर्णक्रमाने हवी होती, शोधायला सोपी. लिन मृत्यूच्या तारखेवर अडून बसली. वर्णक्रमाने लावली असती तर नुसत्या स्मिथ आडनावाचीच शेकडो नावं सलग आली असती, आणि भिंत म्हणजे टेलिफोन डिरेक्टरी. तारखेने लावल्यामुळे एका दिवशी, एका चकमकीत गेलेली माणसं शेजारी-शेजारी राहिली. युद्धातून जिवंत परतलेला सैनिक आपले ते दिवस शोधत येतो आणि त्याचे सोबती त्याला एकत्र सापडतात. क्रम भिंतींच्या सांध्यापासून उजवीकडे निघतो, डाव्या टोकाला पुन्हा सुरू होतो आणि सांध्याशीच येऊन संपतो, म्हणजे पहिला मेलेला आणि शेवटचा मेलेला समोरासमोर. आणि नाव सापडावं म्हणून शेजारी सूची ठेवलेली आहे. ती सूचीच मला सर्वांत आवडते. शोधायची अडचण खरी आहे हे मान्य करून तिची वेगळी सोय केली, भिंतीला त्यासाठी वाकवलं नाही.

लोक तिथे काय करतात? नावाला हात लावतात. कागद धरून वरून पेन्सिल घासतात आणि उमटलेलं नाव घरी नेतात. गुळगुळीत दगडात त्यांचा स्वतःचा चेहरा दिसत असतो. ही कला आहे की डिझाइन, हे तिथे उभं राहून विचारायची तुझी छाती होईल का?

आता तुझ्या पत्रातल्या शेवटच्या परिच्छेदाबद्दल. 'चित्रं काढणं सोडू का?' असं तू विचारलंयस, अगदी सहज, जाता जाता. ते वाचून मी पत्र खाली ठेवलं होतं.

मी सोडली. डिझाइनमध्ये पडल्यावर दोन-तीन वर्षांत तैलरंग वाळून गेले. पुढे वर्गात मी सांगत राहिले की चित्रकार स्वतःपुरता असतो, आपण लोकांसाठी असतो. टाळ्याही मिळायच्या. खरी गोष्ट अशी की कोऱ्या कॅनव्हाससमोर मला कुणाचाच हात दिसत नसे, आणि मग काय करायचं ते सुचत नसे. ज्याला अट नाही ते काम मला झेपलं नाही. त्याचं मी तत्त्वज्ञान केलं. 'हात बघ' हे त्यातूनच आलेलं असू शकतं, तू हुशार आहेस, तुला याचा आधीच वास आला असेल.

तरीही ते खरं आहे! भित्र्या माणसाने सांगितलं म्हणून गोष्ट खोटी होत नाही.

तू सोडू नकोस. दिव्याच्या दांड्याचा तो बाक चित्रं काढणाऱ्या हातातूनच आलाय, हिशेबातून तसा येत नाही. पण चित्राचं चित्रात ठेव. दिव्यात स्वतःला व्यक्त करायला जाशील तर स्विच बुडाखालीच जाणार, कारण तो तुझ्या रेषेत खुपतो. खुपू दे. त्या खुपण्याशी दोन महिने झगड. दांड्याच्या बाकाचा अर्थच तिथे अंगठा टेकतो असा निघाला तर? मला माहीत नाही निघेल का. तुलाही हात बघितल्याशिवाय कळणार नाही.

आणि फोटो आता पुरेत. दिवाच पाठव, आहे तसा, बुडाखालच्या स्विचसकट. बल्ब वेगळा गुंडाळ. मी उशाशी ठेवते. रात्री दोनदा तरी उठते, आणि हल्ली उजवा अंगठा पहाटे आखडलेला असतो, नीट वळत नाही. महिनाभर वापरून कळवते. चिडून लिहिलं तर मनाला लावून घेऊ नकोस.

तुझी,
बाई