सहानुभूती आणि समानुभूती यांत फरक काय, आणि नीतीच्या दृष्टीने मोठी कोणती?

तुम्ही प्रश्नाखाली लिहिलं आहे की मैत्रिणीचा घटस्फोट चालू असताना तुम्ही तिला ‘तुला काय वाटत असेल ते मी समजू शकते’ असं म्हणालात आणि ती फटकन ‘तुला नाही समजणार’ म्हणाली. मग समानुभूती खरंच असते का, की सहानुभूतीलाच दिलेलं ते नवं नाव आहे? आणि नीतीच्या बाजूने पाहिलं तर दोघींत श्रेष्ठ कोणती? शेवटी तुम्ही असंही विचारलंय, की ही शिकता येते का.

आधी सरळ उत्तर देते. तुमच्या दुःखाबद्दल मला मनापासून वाईट वाटतं, तेव्हा ती सहानुभूती. मी माझ्या ओटीवर बसून तुमच्या घराकडे बघत असते आणि माझा जीव कळवळतो. समानुभूतीत मला तुमच्या घरात यावं लागतं, तिथून तुम्हाला काय दिसतंय ते बघावं लागतं. सहानुभूतीला माया पुरते. समानुभूतीला माया लागते आणि वर माहिती लागते. तुमची मैत्रीण बहुधा इथेच दुखावली. काही न विचारता तुम्ही तिला ‘समजलं’ म्हणून सांगितलंत.

मी कोकणात, श्रीवर्धन तालुक्यात शाळेत शिकवते. ३ जून २०२० ला निसर्ग चक्रीवादळ आमच्याच किनाऱ्यावर आलं. एका दुपारीत माड-पोफळीच्या, म्हणजे नारळ-सुपारीच्या, वाड्या आडव्या झाल्या. शेजारच्या काकांच्या वाडीत विहिरीपर्यंत जायचं तरी पडलेले माड ओलांडत जावं लागत होतं. दुसऱ्या दिवसापासून माणसं भेटायला येऊ लागली. ‘माणसं वाचली हे काय कमी आहे?’, ‘झाडं काय, परत लावता येतील’, ‘आता देवाची इच्छा’. काका ओटीवर बसून ‘होय, होय’ म्हणत राहायचे. ही सगळी माणसं चांगली होती. स्वतःच्या घरावरचे पत्रे उडालेले असताना, लाइट नसताना, रस्त्यावरची झाडं चुकवत चालत आली होती. त्यांच्या मायेबद्दल मला तिळमात्र शंका नाही.

मग काकांचा मेहुणा आला. पाणी प्यायला आणि म्हणाला, ‘चला, वाडीत जाऊन येऊ.’ मीही मागून गेले. तो सांत्वनाचं अक्षर बोलला नाही. नुसता विचारत होता. मिरवेली किती राहिल्या? पाट बुजलाय की फुटलाय? जायफळावर माड पडला का? मग उभ्या राहिलेल्या पोफळींपाशी थांबला आणि म्हणाला, ‘ह्या वाचल्या खऱ्या, पण वरची सावली गेली. पश्चिमेचं ऊन आता खोडाला लागणार.’ तेव्हा काका एका पडलेल्या माडावर बसले आणि पहिल्यांदा बोलायला लागले. ‘पोफळ धरायला पाच-सात वर्षं घेते. माडही तेवढाच. मी सत्तरीला आलो. लावीन रे, लावायला काय? खाणार कोण? पोरगा मुंबईला. तो म्हणतोय, विकून टाका.’ बराच वेळ बोलत राहिले.

‘झाडं परत लावता येतील’ हे वाक्य तिशीतल्या माणसाला धीर देतं. तेच सत्तरीतल्या माणसाला, बोलणाऱ्याच्या मनात नसताना, ‘तुमच्या हयातीत आता काही व्हायचं नाही’ असं सांगून जातं.

तुम्ही म्हणाल, तो मेहुणा स्वतः वाडीवाला, त्याला कळणारच. ‘जावे त्याच्या वंशा तेव्हा कळे’. मला ही म्हण अर्धीच पटते. त्याच आठवड्यात काकांकडे असेही बागायतदार येऊन गेले, की ज्यांची वाडी काकांपेक्षा जास्त पडली होती. त्यांतले काही ओटीवर टेकायच्या आत स्वतःचंच सांगायला लागले. ‘आमचं तर काही शिल्लकच नाही.’ सारखाच अनुभव असला की समोरच्याचं ऐकायची गरजच वाटेनाशी होते. उलट पंचनाम्याला आलेला एक तरुण कर्मचारी मराठवाड्यातला, घरी कापसाची शेती. तो काकांना म्हणाला, ‘मला पोफळीतलं काही कळत नाही. तुम्ही सांगा, मी लिहून घेतो.’ काकांनी त्याला वाडीभर फिरवलं. जाताना त्याच्या हातात असोली सुपारी ठेवली. वंशात न जाताही कळू शकतं. विचारावं लागतं, आणि उत्तर येईपर्यंत तोंड मिटून थांबावं लागतं.

‘स्वतःला दुसऱ्याच्या जागी ठेवून बघ’ हा आपण लहानपणापासून ऐकलेला उपदेश. त्यात एक खोट आहे. मी त्याच्या जागी जाते तेव्हा माझं वय, माझा पगार, माझा स्वभाव सगळं बरोबर घेऊन जाते. १७५९ साली अडॅम स्मिथने (पुढे अर्थशास्त्रामुळे गाजलेला तोच) नीतीवरच्या ग्रंथात हे फार नेमकं मांडलं आहे. तुमचा एकुलता एक मुलगा गेला, तर ‘मला मुलगा असता आणि तो गेला असता तर मला काय झालं असतं’ असा विचार पुरत नाही. मी खरोखर तुम्ही असते तर मला काय सोसावं लागलं असतं, असा विचार करावा लागतो. नुसती परिस्थिती बदलून चालत नाही, माणूसही बदलावा लागतो. डॅनियल बॅट्सन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये हे प्रयोगातून तपासलं. आईवडील गेलेल्या एका तरुण मुलीची मुलाखत विद्यार्थ्यांना ऐकवली. ‘तिला काय वाटत असेल’ याची कल्पना करणाऱ्यांच्या मनात तिच्याबद्दल कळवळा आला. ‘मला काय वाटलं असतं’ याची कल्पना करणाऱ्यांनाही कळवळा आला, पण त्याच्याबरोबर त्यांची स्वतःचीच घालमेल जास्त झाली.

आणि तुमच्या मैत्रिणीचं वाक्य शब्दशः खरंच आहे. मेंदूचा अभ्यास करणाऱ्या तानिया सिंगर यांनी लंडनमध्ये १६ जोडप्यांवर केलेला, २००४ साली प्रसिद्ध झालेला एक अभ्यास आहे. जोडीदाराच्या हाताला वेदना दिली जातेय हे कळल्यावर बाईच्या मेंदूतले वेदनेच्या त्रासाशी जोडलेले भाग जागे झाले. पण वेदना नेमकी कुठे आणि किती, हे सांगणारे भाग शांतच होते. म्हणजे नवऱ्याबायकोतसुद्धा दुसऱ्याचं दुखणं जसंच्या तसं उमटत नाही. तेव्हा ‘तुला नाही समजणार’ला ‘खरंय, सगळं नाही समजणार’ एवढं म्हणा आणि उठून जाऊ नका. मग एखादी बारीक गोष्ट विचारा. तारखेला कोण बरोबर येतं? मुलांना शाळेत कोणी काही विचारतं का? रात्री झोप लागते का? घटस्फोट ही एकच घटना बाहेरच्यांना दिसते. आतल्या माणसाला त्यातली भाड्याची खोली, आईचे टोमणे, गॅसचं कनेक्शन कोणाच्या नावावर, असलं सगळं दिसत असतं. तिला यातलं काय खुपतंय ते तिच्याशिवाय कोणीच सांगू शकत नाही. ती बोलायला तयार नसेल तर तोही तिचा हक्क आहे. विचारणं म्हणजे उलटतपासणी नव्हे.

एक गोष्ट लोक समानुभूती म्हणून खपवतात, तिच्यापासून सावध राहा. समोरच्याचं ऐकून आपणच इतकं रडायचं की शेवटी त्यानेच आपल्याला पाणी आणून द्यायचं. पाचव्या शतकातल्या बुद्धघोष या बौद्ध पंडिताने शोकाला करुणेचा ‘जवळचा शत्रू’ म्हटलंय. क्रौर्य हा लांबचा शत्रू, तो सहज ओळखू येतो. शोक करुणेसारखाच दिसतो म्हणून घरात घुसतो. आमच्याकडे वादळात होडी परतली नाही की कोळीवाड्यात बायका खलाशाच्या घरी जमतात. त्यांतली कामाची बाई कोण, हे घरच्यांना लगेच कळतं. ती पोरांना जेवायला घालते, मच्छीमार सोसायटीत जाऊन काही निरोप आहे का बघून येते, फोन चार्ज करून आणते.

आता नीतीचं. इथे माझं मत अनेकांना आवडत नाही, पण मी ते ठामपणे मांडते. कोणाला काय द्यायचं हे ठरवताना एकट्या समानुभूतीच्या हाती कारभार देऊ नये. बॅट्सन यांचाच १९९५ चा प्रयोग आहे. गंभीर आजारी मुलांची मदतीसाठीची प्रतीक्षायादी होती. त्यातल्या एका मुलीची मुलाखत ऐकवून ‘तिला काय वाटत असेल त्याची कल्पना करा’ असं सांगितलेल्यांपैकी बहुतेकांनी तिला रांग मोडून पुढे घेतलं. तिच्याआधी उभी असलेली, कदाचित जास्त गरजू मुलं मागे पडली, कारण त्यांचे आवाज कोणी ऐकले नव्हते. निसर्गनंतर हे आम्ही डोळ्यांनी पाहिलं. मुंबई-पुण्याहून मदतीचे टेम्पो आले. रस्त्यालगतच्या घरांना ताडपत्र्या मिळाल्या, काहींना दोनदा मिळाल्या. आत डोंगराकडेच्या कातकरी आदिवासींच्या वस्तीपर्यंत गाडी जात नव्हती, तिथे कोणी गेलं नाही. टेम्पोवाल्यांना दया नव्हती असं कोण म्हणेल? रात्रभर गाडी चालवून आली होती ती पोरं. पण डोळ्यांसमोर रडणाऱ्या माणसाबद्दलच मन भरून येतं. गावातल्या काही जणांनी वस्तीवार यादी केली, कोणाचं छप्पर पूर्ण गेलंय, घरात तान्हं मूल किंवा म्हातारं आहे का, असं लिहिलं, तेव्हा कुठे वाटप ताळ्यावर आलं. यादी करताना कोणाचे डोळे भरून आले नाहीत. तरी त्या दिवसांतलं सगळ्यांत नीतीचं काम कोणतं, तर मी ती यादी म्हणेन.

मात्र यादी कोणत्या रकान्यांची करायची हे ठरवायला परत समानुभूतीच लागते. फळबागांसाठी सुरुवातीला जाहीर झालेली भरपाई हेक्टरी ५० हजार रुपये होती. ऐकायला मोठी वाटते. पण आमच्या किनाऱ्यावर बागायत गुंठ्यांत मोजतात. हेक्टरात साधारण शंभर गुंठे, म्हणजे गुंठ्याला ५०० रुपये, आणि पाच गुंठ्यांच्या वाडीला अडीच हजार. पडलेले माड कापून उचलायची मजुरीही त्यात निघत नव्हती. ओरड झाल्यावर झाडामागे हिशोब आला, नारळाला २५० रुपये आणि सुपारीला ५०. रक्कम मला तोकडीच वाटते, पण मोजमाप तरी वाडीकडे बघून ठरलं. हेक्टरचा नियम करणारे दुष्ट नव्हते. माड, त्याखाली पोफळ, पोफळीवर मिरवेल, मधे जायफळ आणि केळ, अशी एकाच तुकड्यावर माळ्यांसारखी चढलेली शेती त्यांच्या कागदाने पाहिली नव्हती.

म्हणून ‘सहानुभूती कमी दर्जाची, समानुभूती वरची’ अशी उतरंड मी लावत नाही. समाजमाध्यमांवर हल्ली सहानुभूतीला फार हिणवतात, त्याचा मला राग येतो. कोकणात एखाद्या घरात मृत्यू झाला की शेजारून पिठलं-भात येतो. देणारीला त्या घरातलं दुःख नेमकं कळलेलं असेलच असं नाही. कधी तर भांडण असतं, बोलणं बंद असतं, तरी पातेलं येतं. समजायची वाट न बघता, ओळखीपाळखीच्या पलीकडे जाऊन मदत पोचवते ती सहानुभूती. अनोळखी माणसाशी, ज्याचं सगळं ऐकून घ्यायला वेळ नाही अशाशी, माणुसकीने वागायला तीच उपयोगी पडते. समानुभूती जवळच्या नात्यात हवी, आणि नियम बनवणाऱ्या माणसात तर हवीच हवी.

आता शिकता येते का, तर बऱ्याच अंशी येते असा माझा शिक्षिका म्हणून अनुभव आहे. आमच्या वर्गात कातकरी मुलं आहेत. दिवाळीनंतर आईबापांबरोबर ती भट्टीवर, त्यांच्या मजुरीच्या ठिकाणी, जातात आणि महिनोन्महिने गैरहजर असतात. ‘मी त्याच्या जागी असतो तर’ असा निबंध दिला की बाकीची मुलं ठरावीक लिहितात, ‘मला खूप वाईट वाटले असते, पण मी जिद्दीने शिकलो असतो.’ म्हणून मी तो विषय देणं सोडलं. आता मी सगळ्यांनाच, कातकरी मुलांनाही, सांगते की शेजारी बसणाऱ्याच्या दिवसाबद्दल आपल्याला काय माहीत नाही ते लिहा आणि मधल्या सुट्टीत त्याला विचारा. सांगायचं नसेल त्याने सांगू नये. एका मुलीने विचारलं, ‘भट्टीवर तू पुस्तकं कुठे ठेवतोस?’ तो म्हणाला, ‘नेतच नाय. झोपडीत जागा नसते, धूळ बसते, धाकटा फाडतो.’ आम्ही शिक्षक तोवर त्याच्या आईवडिलांना ‘पुस्तकं बरोबर द्या’ म्हणून बजावत होतो. आता भट्टीवर जाणाऱ्या मुलांना आम्ही पुस्तकाऐवजी धड्यांच्या सुट्या झेरॉक्स देतो, पिशवीत घडी करून मावतील एवढ्या.