पहिल्या वर्षी एकच एकर

दादा, पाचही एकर कोरडवाहू कपाशी यंदाच रसायनमुक्त करण्याची घाई नको. एका एकरावर सुरुवात करा. मित्रकिडी आणि जमिनीतले जीव परतायला काही हंगाम जातात, तोवर घरही चाललं पाहिजे.

त्या एकरात एवढंच करा:

- कपाशीच्या सहा-आठ ओळींनंतर तुरीच्या एक-दोन ओळी. तुरीच्या मुळांवरच्या गाठी हवेतला नत्र धरतात, गळलेला पाला रानातच कुजतो. पावसाने दगा दिला तरी सगळी भिस्त एकाच पिकावर राहत नाही.
- कडेने चवळी. तिच्यावर मावा येतो, त्याला खायला ढालकिडे (मावा खाणारे लाल ठिपक्यांचे छोटे भुंगे, लेडीबर्ड) येतात आणि तेच पुढे कपाशीवर कामाला लागतात.
- पऱ्हाटी (वेचणीनंतर उरलेली कपाशीची वाळकी झाडं) पेटवू नका, बारीक करून कुजवा. ती उभी किंवा बांधावर रचूनही ठेवू नका, गुलाबी बोंडअळी तिच्यात मुक्काम करते.

नवखे सर्वात जास्त फसतात ते फवारणीत. पानांचा रस शोषणारे चार तुडतुडे दिसले की पंप पाठीवर! सुरुवातीच्या दोन महिन्यांत उगाच फवारलंत तर ढालकिडे आधी मरतात. आधी पानं उलटून किडी मोजा. गरज पडलीच तर ५ टक्के निंबोळी अर्क, म्हणजे १०० लिटर पाण्याला ५ किलो निंबोळी.

कच्चं शेणही टाकू नका, मुळं खाणारी हुमणी अळी वाढते.

जीवामृत (शेण-गोमूत्राचं आंबवण), दशपर्णी (दहा झाडांच्या पाल्याचा अर्क) वगैरे पुढच्या वर्षी बघू. आत्ता माती परीक्षण करून घ्या. सेंद्रिय कर्ब (कुजलेल्या पाल्यापाचोळ्यातून मातीत साठणारा कार्बन) किती आहे ते कळवा, मग शेणखताचं ठरवू.